मेक्सिकोचा दाराबाहेरचा सिनेमा : रविवार, सोळा एमएम आणि सुपर एट

मृदगंध (धागाकर्ती)

परवा मैत्रिणीशी बोलताना मेक्सिकन सिनेमाचा विषय निघाला आणि नेहमीची तीन नावं आली: क्वारोन, देल तोरो, इन्यारितू. तिघंही माझ्या आवडीचे. पण ही पिढी ज्या जमिनीवर उगवली ती जमीन कुणी नांगरली, हे मराठीत कुणी सांगितलेलं माझ्या वाचनात नाही. गेली चार वर्षं मी हे जुने सिनेमे शोधून शोधून पाहतेय. काहींच्या प्रती इतक्या खराब की चेहरेसुद्धा ओळखू येत नाहीत. तरी पाहतेय. जे उमगलं ते इथे मांडते, माहितगारांनी भर घालावी.

आधी दार का बंद होतं ते सांगते. चाळीसच्या दशकात मेक्सिकोचा सिनेमा अख्ख्या स्पॅनिशभाषक जगात चालत होता. १९४५ साली सिनेनिर्मितीत काम करणाऱ्यांची नवी कामगार संघटना झाली. कामगारांसाठी ती मोठी गोष्ट होती, पण तिच्या दिग्दर्शक विभागाने हळूहळू आतून कडी लावून घेतली. सभासद नसाल तर स्टुडिओत दिग्दर्शन करता येत नसे, आणि नव्या माणसाला सभासदत्व जवळजवळ मिळतच नसे. सरकारी सिनेमा बँकेचं कर्ज जायचं ठरलेल्या निर्मात्यांकडे. थिएटरं बहुतांशी पुएब्लातल्या विल्यम जेंकिन्स या अमेरिकन उद्योगपतीच्या आणि त्याच्या भागीदारांच्या मुठीत. १९६०मध्ये सरकारने ती विकत घेतली, तोवर पंधरा वर्षं तेच ते दिग्दर्शक तेच ते सिनेमे काढत राहिले. म्हणून मेक्सिकोत कुणी 'स्वतंत्र सिनेमा' म्हटलं की मी आधी विचारते, कुणापासून स्वतंत्र? दर दशकाला याचं उत्तर बदलतं.

पहिली फट पाडली मान्वेल बार्बाचानो पोन्से या निर्मात्याने. तो वार्तापट काढायचा, त्यामुळे छोटा कॅमेरा आणि छोटी टोळी घेऊन कुठेही जायची त्याच्या माणसांना सवय होती. त्यातून बेनितो अलास्राकीने दिग्दर्शित केलेला 'रायसेस' म्हणजे 'मुळं' हा सिनेमा झाला. आदिवासींच्या चार गोष्टी, त्यांच्याच गावांत जाऊन केलेलं चित्रण आणि पडद्यावर बरेचसे कधीच अभिनय न केलेले लोक. त्यातली एक गोष्ट माझ्या डोक्यातून जात नाही. एका डोळ्याने अधू असलेल्या मुलाला गावची पोरं चिडवतात. आई नवस बोलते, त्याला यात्रेला नेते. तिथे आतषबाजीतला बाण फुटतो आणि मुलाचा चांगला डोळाही जातो. आई म्हणते, देव पावला. आता तू काणा नाहीस, आंधळा आहेस, आंधळ्याला कुणी हसत नाही. १९५५ साली कानला या सिनेमाला समीक्षकांचं पारितोषिक मिळालं.

आता माझा सगळ्यांत लाडका. १९६१च्या जानेवारीत 'नुएवो सिने' म्हणजे 'नवा सिनेमा' नावाच्या गटाने जाहीरनामा काढला. समीक्षक, लेखक, विद्यार्थी असे तरुण लोक. त्यांनी काढलेल्या नियतकालिकाचे सातच अंक निघाले. पण नुसतं लिहून न थांबता त्यांनी एक सिनेमा केला: 'एन एल बाल्कोन वासिओ', म्हणजे 'रिकाम्या बाल्कनीत'. दिग्दर्शक होमी गार्सिया आस्कोत. कथा त्याची बायको मारिया लुईसा एलिओ हिच्या स्वतःच्या आठवणींची. स्पेनच्या यादवी युद्धातून पळून आलेल्या कुटुंबांना मेक्सिकोने आसरा दिला, त्यांतली ही मुलगी. सगळेजण आठवडाभर पोटापाण्याची कामं करायचे आणि सुट्टीच्या दिवशी १६ एमएमचा कॅमेरा काढायचे. नटमंडळी म्हणजे मित्र, मित्रांची मुलं. मेक्सिको सिटीचेच कोपरे शोधून त्यांना स्पेन म्हणून उभं केलं.

पडद्यावर एक छोटी मुलगी बाल्कनीतून बघते आहे. समोर एक माणूस लपतछपत पळतो आहे. घरात मोठी माणसं कुजबुजत बोलताहेत. युद्ध म्हणून एवढंच. संवाद थोडे, मारिया लुईसाचाच आवाज वरून येत राहतो. शेवटी तीच, आता मोठी बाई झालेली, आठवणीतल्या त्या घरात परत येते आणि रिकाम्या खोल्यांमधून स्वतःलाच शोधत फिरते. ही मोठी बाई मारिया लुईसानेच केली आहे. मी तो प्रसंग पाहिला त्या वर्षी आमचं गावचं घर विकलं गेलं होतं. याहून जास्त काही लिहवत नाही.

स्वित्झर्लंडमधल्या लोकार्नो महोत्सवात १९६२ साली या सिनेमाचा गौरव झाला. मेक्सिकोतल्या थिएटरांत तो रीतसर कधी लागला नाही. 'वन हंड्रेड इयर्स ऑफ सॉलिट्यूड' घरात असेल तर अर्पणपत्रिका उघडून बघा. मार्केसने ती कादंबरी याच दोघांना, होमी आणि मारिया लुईसाला, अर्पण केली आहे.

मग एक नवल घडलं. निर्मिती घटत चालली, काम मिळेना, तेव्हा संघटनेच्याच तंत्रज्ञ विभागाने प्रायोगिक सिनेमाची स्पर्धा जाहीर केली. १९६५ साली बारा सिनेमे आले. पहिलं बक्षीस रुबेन गामेसच्या 'ला फोर्मुला सेक्रेता' म्हणजे 'गुप्त सूत्र'ला. जेमतेम पाऊण तासाचा. कथानक नाहीच. सुरुवातीला सलाईन लावावं तशी कोकाकोलाची बाटली लावलेली दिसते, रक्ताऐवजी कोक. पुढे ओसाड माळावर उभे शेतकरी थेट आपल्याकडे रोखून बघतात, आणि हुआन रुल्फोने लिहिलेले शब्द कवी हाइमे साबिनेसच्या आवाजात ऐकू येतात. शेवटाकडे भर शहरात एक घोडेस्वार सुटाबुटातल्या माणसामागे लागतो आणि गुरावर टाकावा तसा त्याच्यावर फास टाकतो. एवढं करूनही गामेसला पुढचा मोठा सिनेमा मिळायला नव्वदचं दशक उजाडलं.

दुसरा क्रमांक आल्बेर्तो इसाकच्या सिनेमाचा, मार्केसच्या कथेवरचा. त्यात दिग्दर्शक बुन्युएल पाद्री झालाय, रुल्फो डॉमिनो खेळत बसलाय आणि खुद्द मार्केस थिएटरच्या दारात तिकिटं घेतोय. अख्खं साहित्यविश्व एका गल्लीत गोळा झाल्यासारखं वाटतं.

१९६८बद्दल लिहायला घेतलं तर धागा फार लांबेल. प्रतिसादात लिहिते.

बंडूनाना

मस्त सुरुवात. त्या आईचं वाक्य वाचून पोटात कालवलं. एक प्रश्न. १६ एमएम, सुपर एट हे शब्द नुसते ऐकून आहे. फिल्मच्या रुंदीने असा काय फरक पडतो?

जुना_प्रोजेक्शनिस्ट

नाना, मी सांगतो. तरुणपणी एका फिल्म सोसायटीत १६ एमएमचा प्रोजेक्टर मीच चालवायचो.

३५ एमएमचा कॅमेरा म्हणजे लवाजमा आला. ट्रॉली, दिवे, माणसं. १६ एमएमचा कॅमेरा एकटा माणूस खांद्यावर घेऊन चालू शकतो, आणि प्रोजेक्टर शाळेच्या वर्गात टेबलावर मावतो. म्हणजे थिएटरवाल्याच्या पाया पडायची गरज संपली. सुपर एट १९६५ साली बाजारात आलं, ते तर घरगुती. प्लास्टिकच्या डबीत ५० फूट फिल्म, कॅमेऱ्यात खटकन बसवायची, सेकंदाला १८ चौकटींनी सव्वातीन मिनिटांच्या वर थोडी चालते. वाढदिवस, समुद्रकिनारा यासाठी काढलेली वस्तू.

एक मेख आहे, ती सांगायलाच हवी. सुपर एटची फिल्म बहुधा रिव्हर्सल असते, निगेटिव्ह नसते. कॅमेऱ्यातून गेलेली पट्टीच धुऊन प्रोजेक्टरवर चढते. म्हणजे मूळ आणि प्रत एकच. दर खेळाला तिच्यावर एखादा ओरखडा पडणार. फिल्म तुटली की चिकटपट्टीने जोडायची, दोन चौकटी कायमच्या गेल्या. हे सिनेमे दाखवता दाखवता झिजले. खराब प्रती पाहिल्या असं ताई म्हणताहेत, तो झिजलेपणा किती माणसांनी पाहिलं याचीही खूण आहे.

मृदगंध (धागाकर्ती)

दादा, शेवटचं वाक्य वहीत लिहून घेतलं.

आता १९६८. राष्ट्रीय विद्यापीठाने १९६३ साली 'कुएक' नावाची फिल्म शाळा काढली होती. विद्यापीठातल्या फिल्म क्लबांच्या चळवळीतून ती उभी राहिली, मान्वेल गोन्सालेस कासानोवा हा त्यामागचा माणूस. १९६८च्या उन्हाळ्यात विद्यार्थ्यांचं आंदोलन पेटलं तेव्हा या शाळेची मुलं शाळेचेच कॅमेरे आणि शाळेचीच फिल्म घेऊन रस्त्यावर उतरली. मोर्चे, भाषणं, भिंतींवरच्या घोषणा, लष्कराच्या गाड्या, सगळं टिपलं. २ ऑक्टोबरला त्लातेलोल्कोच्या चौकात सैन्याने जमावावर गोळ्या झाडल्या. दहा दिवसांनी त्याच शहरात ऑलिंपिक सुरू झालं.

लेओबार्दो लोपेस आरेत्चे हा त्या मुलांपैकी एक, संपाच्या समितीत शाळेचा प्रतिनिधी. त्या रात्री त्यालाही पकडलं. सुटून आल्यावर त्याने सगळ्यांचं चित्रण जोडून 'एल ग्रितो' म्हणजे 'आक्रोश' बांधला. गोळीबारात जखमी झालेली इटालियन पत्रकार ओरियाना फालाची, तिचं निवेदन त्यात वापरलं. १९७० साली, तिशीही गाठायच्या आत, लेओबार्दोने आयुष्य संपवलं. सिनेमा पुढे वर्षानुवर्षं विद्यापीठांत, क्लबांत फिरत राहिला. त्या आंदोलनाचा आतून केलेला एवढा मोठा चित्रपट दुसरा नाही.

सुपर एटवाले यानंतरचे. १९७०मध्ये आठ एमएमची स्वतंत्र सिनेमा स्पर्धा झाली, विषय होता 'आपला देश'. सेर्हिओ गार्सिया, आल्फ्रेदो गुरोला असे पंचविशीच्या आसपासचे लोक त्या काळात पुढे आले. कॅमेरा खेळण्याएवढा असल्याने कुणी संशय घेत नसे. ओस्कार मेनेंदेसने तर लेकुम्बेरीच्या तुरुंगात तो चोरून पोचवला आणि राजकीय कैद्यांनी आतून चित्रण केलं.

चिकित्सक

लेख चांगला आहे, पण एक मुद्दा खटकला. तुमच्या मांडणीत सरकार कायम विरुद्ध बाजूला दिसतं. १९७० ते ७६ या काळात लुईस एचेवेरिया राष्ट्राध्यक्ष असताना सरकारनेच सिनेमात पैसा ओतला. रिपस्टाइन, कासाल्स यांचे उत्तम सिनेमे त्याच पैशावर झाले. कासाल्सचा 'कानोआ' घ्या. १९६८च्या सप्टेंबरमध्ये पुएब्लाजवळच्या एका गावात विद्यापीठातले काही कर्मचारी डोंगर चढायला म्हणून गेले आणि कम्युनिस्ट समजून गावाने त्यांना ठेचलं. इतका जळजळीत विषय, सरकारी पैसा, आणि १९७६ साली बर्लिनला रौप्य अस्वल. मग 'स्वतंत्र' शब्दाचा एवढा आग्रह कशाला?

मृदगंध (धागाकर्ती)

मुद्दा रास्त आहे. 'कानोआ' मलाही थोर वाटतो. त्यातला तो गावकरी, जो थेट कॅमेऱ्याशी बोलतो, त्याच्यामुळे आपण प्रेक्षक राहत नाही, गावात उभे असतो.

पण तो पैसा कुणाच्या हातून येत होता ते बघा. हेच एचेवेरिया १९६८ साली गृहमंत्री होते. सिनेमा बँकेवर त्यांनी आपला सख्खा भाऊ बसवला, तो स्वतः नट होता, आणि माणूस कामाचा होता हे मान्यच. बरेच तरुण दिग्दर्शक आत गेले. त्यांना दोष देण्याचा माझा हेतू नाही, सिनेमा करायचा तर फिल्म लागते आणि फिल्मला पैसा लागतो. पण १९७६ला सरकार बदललं, नव्या राष्ट्राध्यक्षांनी आपल्या बहिणीला त्या खात्यावर आणलं आणि सगळी घडी विस्कटली. सहा वर्षांच्या मर्जीवर उभं राहिलेलं घर सहा वर्षांनी पडलं. पॉल लेडुकसारखे जे बाहेर राहून काम करत होते ते मात्र कामात राहिले. 'रीड : मेक्सिको इन्सुर्हेन्ते' त्याने १६ एमएमवर केला, क्रांतीचा सिनेमा असून त्यात बँडबाजा नाही, तपकिरी झाक आहे आणि घाबरलेला एक पत्रकार आहे. मग मेस्कितालच्या ओतोमी लोकांवरचा माहितीपट, बाराखडीसारखा अक्षरवार मांडलेला. आणि चित्रकार फ्रिदा काहलोवरचा १९८३चा 'फ्रिदा', ज्यात जवळजवळ कुणी बोलतच नाही. त्याचा निर्माता? तोच बार्बाचानो पोन्से, 'रायसेस'वाला, तीस वर्षांनी.

वर्धेकर

अवांतर होईल, पण फ्रिदाचं नाव निघालं म्हणून सांगतो. आमच्या वर्ध्याचे डॉ. पांडुरंग खानखोजे, गदर चळवळीतले क्रांतिकारक आणि कृषिशास्त्रज्ञ, मेक्सिकोत चापिंगोच्या शेतकी शाळेत शिकवायचे. फ्रिदाचा नवरा दिएगो रिव्हेराने त्यांना आपल्या भित्तिचित्रात भाकरी वाटताना रंगवलंय आणि त्यांच्या शेतकी शाळांचे फोटो तीना मोदोत्तीने काढलेत. 'फ्रिदा'त दिएगो आहे का?

मृदगंध (धागाकर्ती)

आहे तर! अवांतर अजिबात नाही. हे वाचून अंगावर काटा आला.

सावनी

मृदगंधताई, लेखात बाया कुठे आहेत याची वाट बघत होते. मीच लिहिते.

१९४८ साली मातिल्दे लान्देताने पहिला सिनेमा दिग्दर्शित केला. आधी कितीतरी वर्षं ती सेटवर बारकावे टिपणारी आणि मग सहायक दिग्दर्शक होती. कुणी निर्माता उभा राहीना, म्हणून भावाबरोबर स्वतःची कंपनी काढली. तीन सिनेमे केले आणि मग तिला चाळीस वर्षं पुढचा मिळाला नाही. चौथा आला १९९१ला. चाळीस वर्षं, नुसता आकडा वाचून पुढे जाऊ नका.

१९७५ला कुएकच्या विद्यार्थिनींनी 'सिने मुहेर' म्हणजे 'स्त्री-सिनेमा' हा गट केला. रोसा मार्ता फेर्नांदेसचा 'कोसास दे मुहेरेस' ('बायकांच्या भानगडी' असं मी म्हणेन) गर्भपातावर आहे. एका विद्यार्थिनीची रचलेली गोष्ट आणि तिच्या जोडीला खऱ्या बायकांच्या हकिकती. त्या काळी तिथे तो गुन्हा होता, राजधानीत कायदा बदलला तो २००७ साली. बेआत्रिस मीराने घरकामावर सिनेमा केला, नंतर बलात्कारावर झाला, वेश्याव्यवसायातल्या बायकांवर झाला. दाखवायच्या कुठे, तर जिथे बायका जमतील तिथे. सिनेमा संपला की गप्पा सुरू. त्या गप्पांसाठीच तो सारा खटाटोप होता.

सप्टेंबर १९८५च्या भूकंपात मेक्सिको सिटीतले कपडे शिवायचे कारखाने कोसळले. आत बायका अडकलेल्या असताना मालकांनी आधी मशिनं बाहेर काढली, हे त्या शिवणकामगारांनी जगाला सांगितलं आणि आपली संघटना उभी केली. त्यांच्यावरचा मारिया देल कार्मेन दे लाराचा माहितीपट १९८६चा. त्याचं नाव 'आम्ही तुमच्याकडे चंद्रावरची सफर मागत नाही'. तंबूत बसून, लेकरू मांडीवर घेऊन हिशेब मागणाऱ्या बायका एकदा पाहिल्या की विसरत नाहीत.

ग्वादालाहाराकर

नमस्कार. नोकरीनिमित्त सहा वर्षं ग्वादालाहारात आहे, म्हणून आमच्या गावचं सांगतो. दिग्दर्शक हाइमे उम्बेर्तो एर्मोसियो राजधानी सोडून इथे येऊन राहिला. 'दोन्या एर्लिंदा इ सु इहो' म्हणजे 'दोन्या एर्लिंदा आणि तिचा मुलगा' त्याने १९८५ला इथल्याच गल्ल्यांत, कमी पैशात केला. पैसे पुन्हा बार्बाचानोचे. डॉक्टर मुलगा, त्याचा मित्र, आणि सगळं समजून उमजून घराला एक मजला वाढवणारी आई. कुणी रडत नाही, कुणाला शिक्षा होत नाही. ऐंशीच्या दशकात दोन पुरुषांच्या प्रेमाची गोष्ट अशी हसतखेळत सांगणं सोपं नव्हतं. ती आई झालीय गिएर्मो देल तोरोची खरी आई. म्हणजे धाग्याच्या सुरुवातीला ज्या तिघांची नावं होती त्यांतला एक थेट या घरातूनच निघाला.

गेल्या वर्षी राजधानीला गेलो तेव्हा सिनेतेकात, म्हणजे राष्ट्रीय सिनेसंग्रहालयात गेलो होतो. अंगणात उघड्यावर पडदा, हिरवळीवर माणसं पसरलेली, पोरंबाळं, कुत्रीसुद्धा. शेजारच्या आजींनी सांगितलं की जुनं सिनेतेका १९८२च्या २४ मार्चला जळालं, ती इमारत वेगळ्या ठिकाणी होती. त्या आगीत हजारो सिनेमे गेले. आजी म्हणाल्या, मी त्या आठवड्यात जाणार होते. पुढे काही बोलल्या नाहीत. मीही विचारलं नाही.

चिकित्सक

ग्वादालाहाराकर, सुंदर लिहिलंत. मृदगंध, तुमचा सहा वर्षांच्या घराचा मुद्दा पटला. नव्वदनंतरचंही थोडं लिहा.

मृदगंध (धागाकर्ती)

थोडक्यात लिहिते, कारण तो काळ बऱ्याच जणांना माहीत आहे. तोवर तिकिटाचे दर सरकार बांधून द्यायचं आणि निम्मा पडदावेळ देशी सिनेमासाठी राखीव होता, निदान कागदावर. १९९२च्या कायद्याने दर मोकळे झाले, राखीव वाटा निम्म्यावरून आधी ३० टक्क्यांवर आणि मग १९९७पर्यंत १० टक्क्यांवर आणायचं ठरलं, सरकारी थिएटरं विकली गेली. वस्तीतली स्वस्त थिएटरं मिटली, मॉलमधली आली. १९९८च्या सुमारास वर्षाला दहाच्या आसपास सिनेमे बनत होते. आता कडी लावणारी ना संघटना होती ना सरकार, तिकिटाची किंमत होती.

त्या उजाड माळावर २००२ साली कार्लोस रेगादासचा 'हापोन' आला. १६ एमएम, इदाल्गोची खोल दरी, आणि कधी कॅमेऱ्यासमोर उभी न राहिलेली एक म्हातारी. पन्नास वर्षांपूर्वीच्या 'रायसेस'चीच वाट.

पण मला शेवटी दुसऱ्याच बाईंबद्दल सांगायचंय. १९८५ साली ओआहाकाच्या किनाऱ्यावर, सान मातेओ देल मारमध्ये, इकूत्स समाजाच्या विणकर बायकांसाठी सुपर एटची कार्यशाळा झाली. लुईस लुपोने शिकवायला होता. तेओफिला पालाफोक्स त्या बायकांतल्या एक. त्यांनी आपल्याच गावच्या एका कुटुंबाचा दिवस चित्रित केला. मासेमारी, स्वयंपाक, मुलं. तोवर अशा गावांत कॅमेरा घेऊन यायचे ते बाहेरचे, आणि ते बाईच्या चेहऱ्याकडे बघायचे. तेओफिलांचा कॅमेरा तिच्या हातांकडे बघतो, कारण काम कुठे चाललंय हे त्यांना माहीत आहे.

जुना_प्रोजेक्शनिस्ट

विणकर बाई आणि सव्वातीन मिनिटांची डबी. धागा कुठे तोडायचा हे तिला कुणी शिकवायची गरज नव्हती.

बंडूनाना

ताई, आता सांगा, कुठून सुरू करू? माझी आई पंच्याऐंशीची आहे, तीही शेजारी बसेल. सबटायटल्स मी वाचून दाखवीन.

मृदगंध (धागाकर्ती)

नाना, मग 'रायसेस'च लावा. चारही गोष्टी छोट्या आहेत, आजींना मध्ये थांबता येईल. काण्या मुलाची गोष्ट आली की भराभर वाचू नका. यात्रेची गर्दी, मेणबत्त्या, नवस, हे त्यांना तुमच्या वाचण्याआधीच कळेल. आणि त्या आईचं वाक्य ऐकून आजी काय म्हणाल्या, ते इथे येऊन नक्की लिहा.